‘अन्य’च्या रकान्यातील मातृभाषा : सर्वेक्षणातील पुनर्संकेतनाची चिकित्सा

प्रस्तावना

हैदराबादमधील सुलतान बाजार हा भाग 1933 पूर्वी रेसिडेन्सी बाजार या नावाने ओळखला जात असे. निजाम सरकारकडे परत आल्यावर त्याचे नाव बदलले. जुनी कागदपत्रे वाचणाऱ्यास ही दोन्ही नावे ठाऊक नसतील, तर एकाच जागेच्या दोन जागा होतात. सर्वेक्षणातील उत्तरांना संगणकावर नवे संकेतांक देताना हाच धोका उलट्या बाजूने उद्भवतो. तेथे अनेक गोष्टींना एक नाव मिळते आणि मूळ नावे पुसली जातात. महाविद्यालयीन शोधनिबंधांत या क्रियेला केवळ तांत्रिक काम समजले जाते. ती समजूत कितपत योग्य आहे, याची तपासणी येथे केली आहे.

एक नमुना

समजा, तेलुगू, दखनी, उर्दू, मराठी, मारवाडी बोलणाऱ्या अशा परिसरातील महाविद्यालयात 200 विद्यार्थ्यांना मातृभाषा विचारली. उर्दू 92, तेलुगू 69, मराठी 12, लंबाडी 9 आणि मारवाडी 7 अशी उत्तरे आली, तर 11 जणांनी रकाना कोरा ठेवला. तक्ता आटोपशीर व्हावा म्हणून अभ्यासक उर्दूला 1, तेलुगूला 2 आणि उरलेल्या सर्वांना 3 म्हणजे ‘अन्य’ असा संकेतांक देतो. एस.पी.एस.एस. या प्रणालीत ‘उरलेले सर्व’ यासाठी ‘एल्स’ हा पर्याय आहे. मात्र या पर्यायात कोरे रकानेही ओढले जातात. परिणामी ‘अन्य’ची संख्या 39, म्हणजे 19.5 टक्के दिसते. प्रत्यक्षात उत्तर देणारे 189 आणि त्यांतील अन्य भाषक 28, म्हणजे 14.8 टक्के आहेत. उत्तरच न देणाऱ्यांची एक भाषा तयार झाली आणि 12 मराठी भाषक विद्यार्थी तक्त्यातून नाहीसे झाले. उद्या मराठीचा ऐच्छिक वर्ग चालू ठेवावा की नाही, हा प्रश्न आला तर हाच तक्ता पुढे केला जाईल.

त्याहून गंभीर चूक पुढची आहे. या प्रणालीत पुनर्संकेतनाचे दोन मार्ग आहेत : त्याच चलात बदल करणे किंवा नवे चल तयार करणे. पहिला मार्ग स्वीकारून फाईल जतन केली की मूळ उत्तरे त्या फाईलमधून कायमची जातात. मराठी किती आणि लंबाडी किती, हे पुन्हा सांगता येत नाही.

जनगणनेचा धडा

भारताची जनगणना हेच काम प्रचंड प्रमाणावर करते. 2011 मध्ये लोकांनी सांगितलेल्या मातृभाषांची कच्ची नावे 19,569 होती. छाननीनंतर त्यांतून 1,369 मातृभाषा निश्चित झाल्या. दहा हजार किंवा अधिक भाषक असलेल्या 270 मातृभाषा वेगळ्या दाखवून त्या 121 भाषांच्या गटांत बसविल्या गेल्या. या वर्गवारीत लंबाडी हिंदीखाली येते, तर खानदेशी मराठीबाहेर स्वतंत्र राहते. भोजपुरीचे पाच कोटींहून अधिक भाषकही हिंदीच्या एकूण संख्येत मोजले जातात. या निर्णयांवर वाद होऊ शकतो आणि होतोही. परंतु तो होऊ शकतो याचे कारण असे की, जनगणना गटाच्या आकड्याखाली त्यातील मातृभाषांचे आकडेही छापते. उर्दूच्या गटाखाली मात्र दखनीची स्वतंत्र ओळ नाही. अनेक दखनी भाषक स्वतःच आपली भाषा उर्दू सांगतात, हेही येथे विसरता येणार नाही. म्हणजे काही पुनर्संकेतन प्रश्नावली भरतानाच, उत्तर देणाऱ्याच्या मनात झालेले असते.

गट पाडणे नेहमीच घातक असते, असा याचा अर्थ नाही. न्या. राजेंद्र सच्चर समितीच्या 2006 च्या अहवालात धर्म आणि सामाजिक वर्ग ही दोन चले जोडून नवे गट केले गेले. त्यामुळे ‘मुस्लिम’ या एका रकान्यात दडलेले इतर मागासवर्गीय मुस्लिम वेगळे दिसू लागले. राष्ट्रीय नमुना पाहणीनुसार मुस्लिमांतील त्यांचे प्रमाण 1999-2000 मध्ये 31.7 टक्के, तर 2004-05 मध्ये 40.7 टक्के होते. पाच वर्षांत एवढी वाढ केवळ जन्मदराने होत नाही. लोकांनी स्वतःची नोंद कशी केली, हेही त्यात बदलले. संकेतांकामागील माणूस न पाहता आकडा वाचणाऱ्यास हे कळणार नाही.

शिक्षकांसाठी

उर्दू-मराठीच्या अध्यापकांना पाठचिकित्सेची शिस्त परिचित आहे. संपादक हस्तलिखितावर खाडाखोड करीत नाही. तो मूळ पाठ जपतो, स्वीकारलेला पाठ वेगळा लिहितो आणि पाठभेद तळटीपेत देतो. सर्वेक्षणालाही हीच शिस्त लागू आहे. मूळ चल अबाधित ठेवावे व पुनर्संकेतन नव्या चलातच करावे. कोऱ्या उत्तरांचा निर्णय ‘एल्स’च्या आधी स्वतंत्रपणे नोंदवावा. जुन्या व नव्या चलाचा एकत्र तक्ता काढून कोणता संकेतांक कोठे गेला, हे पडताळावे आणि वर्गवारीचा नियम निबंधातच छापावा.

‘मुस्लिम म्हणजे उर्दू’ असे गृहीत धरून माहिती भरण्याची सवयही याच कारणास्तव सोडली पाहिजे. मराठवाड्यात घरी मराठी बोलणारी, कोकणात कोकणी बोलणारी मुस्लिम कुटुंबे आहेत. आपल्याच संस्थांच्या सर्वेक्षणात ती ‘अन्य’ ठरली किंवा परस्पर उर्दूत जमा झाली, तर त्यांच्या मुलांची शैक्षणिक अडचण कोणत्याही अहवालात दिसणार नाही. उर्दूची बाजू खऱ्या आकड्यांनी मांडावी आणि मराठीची नोंद खऱ्या नावाने व्हावी, यातच दोन्ही भाषांचे हित आहे.