संघाचे गाव, गावाचा संघ

गोंदिया स्थानकावर एकाच गावातून दोन गाड्या सुटतात. एकीचे नाव विदर्भ एक्स्प्रेस, ती मुंबईला जाते. दुसरीचे नाव महाराष्ट्र एक्स्प्रेस, ती कोल्हापूरला जाते. आमच्या राजकीय इतिहासाचा सारांश या दोन पाट्यांत आहे, असे मी वर्गात गमतीने म्हणत असे. १ जानेवारी २०१८ रोजी विदर्भाच्या क्रिकेट संघाने पहिल्यांदा रणजी करंडक जिंकला, तेव्हा शेजारच्या एका मुलाने मला विचारले, ''काका, आता विदर्भाचा संघ आपल्याकडे खेळायला येईल का?'' मी म्हणालो, ''बाबा, विदर्भ एक्स्प्रेस गोंदियाची असली, तरी विदर्भाचा संघ नागपूरचा आहे.'' तो हसला नाही. त्याचे न हसणे या लेखाचे कारण आहे.

संघ आणि त्याचे गाव यांच्या नात्यावर जगात सर्वांत जास्त लिहिले गेले ते बहुधा अमेरिकेतील बेसबॉलबद्दल, आणि त्यातही ब्रुकलिन डॉजर्स या व्यावसायिक संघाबद्दल. ब्रुकलिन हे १८९७च्या अखेरीपर्यंत स्वतंत्र शहर होते. १ जानेवारी १८९८ला ते न्यूयॉर्कमध्ये विलीन झाले. नगरपालिका गेली, महापौर गेला. उरला तो संघ. ट्रॉलीगाड्या चुकवत रस्ता ओलांडणाऱ्या ब्रुकलिनकरांवरून पडलेले 'डॉजर्स' हे नावही उरले. १९१३ साली एबेट्स फील्ड हे मैदान उभे राहिले. १९४७मध्ये त्याच मैदानावर जॅकी रॉबिन्सन हा कृष्णवर्णीय खेळाडू उतरला आणि त्या खेळातील अनेक दशकांचा वर्णभेदाचा अलिखित नियम मोडला. १९४१ ते १९५३ या काळात हा संघ पाच वेळा अंतिम मालिकेत शेजारच्या यांकीज संघाकडून हरला. १९५५मध्ये जिंकला. दोनच वर्षांनी, १९५७चा हंगाम संपताच, मालक वॉल्टर ओ'मॅली यांनी संघ लॉस एंजेलिसला नेला. १९६०मध्ये मैदान पाडले गेले आणि तिथे सदनिका उभ्या राहिल्या.

योगायोग असा की ब्रुकलिनने संघ गमावला, त्याच हिवाळ्यात 'विदर्भ' या नावाचा संघ रणजी स्पर्धेत पहिल्यांदा उतरला. त्याआधीचा १९३४-३५पासूनचा संघ मध्य प्रांत आणि वऱ्हाड या नावाचा होता. १ नोव्हेंबर १९५६ला राज्यपुनर्रचना झाली, विदर्भाचे जिल्हे द्वैभाषिक मुंबई राज्यात आले आणि नागपूरचे राजधानीपण गेले. १९६०मध्ये महाराष्ट्र झाला. राज्याच्या नकाशावर 'विदर्भ' ही सीमारेषा उरली नाही. धावफलकावर मात्र ते नाव लागले. महाराष्ट्रात आज रणजीचे तीन संघ आहेत : मुंबई, महाराष्ट्र आणि विदर्भ. त्यांतले मुंबई आणि महाराष्ट्र पश्चिम विभागात मोडतात, विदर्भ मध्य विभागात, मध्य प्रदेश, उत्तर प्रदेश आणि राजस्थान यांच्यासोबत. क्रिकेटच्या कागदावर आम्ही अजून जुन्या मध्य प्रांताचेच शेजारी आहोत.

इथवर दोन्ही कथा सारख्या वाटतात : ज्या गावाचे किंवा प्रदेशाचे स्वतंत्र अस्तित्व सरकारदरबारी संपले, त्याचे नाव संघाने जिवंत ठेवले. माझा आक्षेप इथूनच सुरू होतो. या सारखेपणाने आपण भावुक होतो आणि विचार करणे थांबवतो.

आधी ब्रुकलिनचे पाहू. रॉजर कान यांचे 'द बॉइज ऑफ समर' हे १९७२चे पुस्तक आणि डोरिस कर्न्स गुडविन यांचे १९९७चे 'वेट टिल नेक्स्ट इयर' हे बालपणाचे आत्मकथन या विषयावरची नावाजलेली पुस्तके आहेत. दोन्ही मनापासून लिहिलेली आहेत. परंतु अशा पुस्तकांच्या छायेत वाढलेल्या लोकप्रिय आठवणींत एकच खलनायक उरतो : ओ'मॅली. आकडे वेगळे बोलतात. १९४७मध्ये एबेट्स फील्डवर हंगामभरात सुमारे १८ लाख प्रेक्षक आले. संघ विजेता ठरला त्या १९५५मध्ये ते १० लाखांच्या आसपास होते. चाहत्यांपैकी अनेक जण मोटारी घेऊन लाँग आयलंडच्या उपनगरांत राहायला गेले होते आणि जुन्या मैदानाभोवती गाड्या उभ्या करायला जागा नव्हती. ओ'मॅलींना ब्रुकलिनमध्येच, रेल्वेस्थानकाला लागून, नवे मैदान हवे होते. शहराच्या बांधकामांवर सत्ता गाजवणारे रॉबर्ट मोझेस यांनी ती जागा मिळवून दिली नाही. म्हणजे संघ गावाला सोडून गेला हे खरे, पण त्याआधी गावही थोडेथोडे मैदान सोडून गेले होते आणि शहराच्या कारभाराने दोघांच्या मधला धागा जपला नाही. आठवणींच्या साहित्यातून हा तिसरा पक्ष बहुधा निसटतो.

आता आपल्याकडे येऊ. विदर्भाच्या विजयावर मराठीत जे लिहिले गेले, त्यातले बरेचसे चमत्काराच्या सुरात आहे : साठ वर्षे कुणी विचारले नाही आणि एके दिवशी दुबळ्यांनी बलाढ्यांना हरवले. ही गोष्ट ऐकायला गोड आहे, पण त्या माणसांच्या कामावर अन्याय करणारी आहे. नागपुरात निवासी अकादमी उभी राहिली, मुलांना लहान वयातच शास्त्रशुद्ध प्रशिक्षण मिळू लागले, माजी कसोटीपटू चंद्रकांत पंडित प्रशिक्षक म्हणून आले. त्या हंगामात कर्णधार फैज फझलने ९१२ धावा केल्या आणि रजनीश गुरबानी या अभियंता गोलंदाजाने ३९ बळी घेतले. उपांत्य सामन्यात कर्नाटकावर केवळ ५ धावांनी मात झाली. अंतिम सामन्यात गुरबानीने दिल्लीविरुद्ध हॅट्ट्रिक साधली, अक्षय वाडकरने शतक ठोकले, संघाने ५४७ धावा उभारल्या आणि सामना ९ गडी राखून जिंकला. पुढच्याच वर्षी जामठ्याला सौराष्ट्राला ७८ धावांनी हरवून करंडक राखला. आदित्य सरवटेने त्या सामन्यात ११ बळी घेतले. याला चमत्कार म्हणत नाहीत, घडण म्हणतात.

त्या पहिल्या विजयाचे ठिकाण मला अधिक बोलके वाटते. तो सामना इंदूरच्या होळकर मैदानावर झाला. भारताचे पहिले कसोटी कर्णधार सी. के. नायडू यांचा जन्म १८९५चा, नागपूरचा. १९२३मध्ये होळकर दरबाराने त्यांना इंदूरला बोलावून घेतले, कारण आश्रय तिथे होता. पुढे होळकर संघाने चार वेळा रणजी करंडक जिंकला. नागपूरने घडवलेला सर्वांत मोठा खेळाडू इंदूरचा म्हणून ओळखला गेला, आणि जवळजवळ शतकानंतर नागपूरच्या संघाने पहिला करंडक उचलला तो त्याच इंदुरात. होळकरांचा संघ केव्हाच विसर्जित झाला होता. संस्थानाचा आधार गेला की संस्थानाचा संघ राहत नाही. गावाचे प्रेम संघाला जन्म देऊ शकते, पोसण्यासाठी मात्र संस्था लागते.

आणि संस्था कागदावर टिकते. जुलै २०१६मध्ये सर्वोच्च न्यायालयाने लोढा समितीचे 'एक राज्य, एक मत' हे तत्त्व मान्य केले. त्यामुळे महाराष्ट्रातील तीन संघटनांना मिळून एकच मत उरले, तेही आळीपाळीने. विदर्भ पहिला करंडक जिंकत होता, तेव्हा नियामक मंडळातले त्याचे पूर्ण सदस्यत्व कायद्याने उरलेले नव्हते. ऑगस्ट २०१८मध्ये न्यायालयाने हा भाग बदलला आणि तिन्ही संघटनांना मताधिकार परत मिळाला. विजयाच्या जल्लोषात हा तपशील आमच्या गावात कुणाच्या तोंडी नव्हता. ब्रुकलिनचे लोक १९५०च्या दशकात मैदानाच्या जागेच्या वादाकडे जितक्या बेफिकिरीने पाहत होते, तितकेच आम्ही या निकालाकडे पाहिले.

संघ आपल्या गावाचा आहे की नाही, हे ओळखण्यासाठी मी तीन साधे प्रश्न वापरतो. नाव कुणाचे? खेळाडू कुठले? सामने कुठे?

पहिल्या प्रश्नावर विदर्भ पूर्ण उतरतो. दुसऱ्यावर गुंता आहे. आपल्या देशांतर्गत क्रिकेटमध्ये 'प्रोफेशनल' म्हणजे दुसऱ्या राज्यातून करार करून आणलेला खेळाडू. वसीम जाफर मुंबईचा. त्याने २०१८-१९च्या हंगामात विदर्भासाठी हजाराहून अधिक धावा केल्या. करुण नायर कर्नाटकचा. २०२४-२५च्या केरळविरुद्धच्या अंतिम सामन्यात त्याने ८६ आणि १३५ धावा केल्या. त्याच सामन्यात केरळकडून ७९ धावा कुणी केल्या? आदित्य सरवटेने, म्हणजे सहा वर्षांपूर्वी जामठ्यालाच विदर्भाला करंडक मिळवून देणाऱ्या गोलंदाजाने. यात बेइमानी शोधणाऱ्यांशी मी सहमत नाही. नायडू इंदूरला गेले, जाफर नागपूरला आला, सरवटे केरळला गेला. हुन्नर बाजारात जाणारच. बाहेरचा खेळाडू आल्याने संघ परका होत नाही. खापरखेड्याजवळच्या वलनी खाणवस्तीतला उमेश यादव कसोटी खेळला, अमरावतीचा जितेश शर्मा आणि अकोल्याचा अथर्व तायडे पुढे आले, त्याच मैदानांवर हर्ष दुबेने २०२४-२५मध्ये ६९ बळींचा हंगामी विक्रम केला. पाहुण्याच्या पंगतीला घरची मुलेही बसलेली असतील, तर पाहुण्याचे ओझे होत नाही.

तिसरा प्रश्न मात्र टोचतो. गेल्या काही वर्षांत विदर्भाचे घरचे सामने म्हणजे नागपूरच्या सिव्हिल लाइन्स किंवा जामठ्याचे सामने. जामठ्याचे मैदान २००८मध्ये शहराबाहेर वर्धा मार्गावर उभे राहिले. गोंदियाहून नागपूर रेल्वेने सुमारे १३० किलोमीटर. तिथून पुढचा प्रवास वेगळा. रणजीला तिकीट लागत नाही म्हणून सामना फुकट, हे नागपूरकराचे गणित झाले. आमच्याकडच्या पोराला तो जाण्यायेण्याचे भाडे आणि बापाची बुडालेली रोजी मोजून पाहावा लागतो. आमच्याकडे क्रिकेट नाही असे नाही. धानाची कापणी आटोपली की बांध्यांत खेळपट्ट्या उमटतात आणि हिवाळ्याच्या रात्री दिव्यांखाली टेनिस चेंडूचे सामने रंगतात. पण बांधीतला चेंडू आणि जामठ्याचा चेंडू यांच्यामध्ये टर्फच्या खेळपट्टीची, प्रशिक्षकाची आणि भाड्याची पायरी आहे.

म्हणून विदर्भाचा संघ आमचा नाही, असे म्हणण्याचा मोह मला होतो. तो मी आवरतो, कारण त्यात ब्रुकलिनच्या स्मरणरंजनाचीच चूक आहे : एक खलनायक ठरवून मोकळे होणे. गोंदिया जिल्हा १ मे १९९९ला भंडाऱ्यातून वेगळा झाला. त्यानंतरच्या पाव शतकात धान, रस्ते, रेल्वे यांसाठी आम्ही मोर्चे काढले. एका चांगल्या टर्फ खेळपट्टीसाठी कितींदा काढले? संघाने गावाकडे यावे, असे म्हणताना गावानेही मैदान तयार ठेवावे लागते. आणि संघटनेनेही एवढे ध्यानात घ्यावे की 'विदर्भ' हे नाव ११ जिल्ह्यांच्या सामाईक मालकीचे आहे. हंगामात एक चार दिवसांचा सामना, तो जमत नसेल तर १६ वर्षांखालील मुलांचा एखादा सामना, पूर्वेकडच्या एखाद्या जिल्ह्यात झाला, तर त्या नावाचे भाडे भरल्यासारखे होईल.

तो मुलगा आता कॉलेजात आहे. मार्च २०२५मध्ये विदर्भाने पहिल्या डावातल्या ३७ धावांच्या आघाडीवर तिसरा करंडक जिंकला, तो सामना त्याने मोबाइलवर पाहिला. संध्याकाळी भेटला तेव्हा म्हणाला, ''काका, आपण जिंकलो.'' 'आपण' हा शब्द त्याने सहज उच्चारला, कुणाची परवानगी न विचारता. त्या एका शब्दाच्या उधारीवर संघ चालतो. ती फेडायची कुणी, एवढाच प्रश्न या लेखातून मला विचारायचा होता.