ज्ञानेश्वरीतील मायानदी आणि भवसिंधू

मराठीत कल्पित व भयप्रद अशा मायावी जलाचे वर्णन शोधू लागल्यास अभ्यासकाची दृष्टी प्रथम अद्भुतरम्य कादंबऱ्यांकडे अथवा अरबी कथांच्या भाषांतरांकडे वळते. परंतु त्या वाङ्मयाच्या कितीतरी शतके आधी, शके 1212 मध्ये प्रवरेकाठी नेवासे येथे सांगितल्या गेलेल्या ज्ञानेश्वरीत असे एक संपूर्ण जलविश्व उभे आहे. त्याचा विचार आजवर बहुधा तत्त्वज्ञानाच्या अंगाने झाला. त्यातील साहित्याचा, म्हणजे शब्दशः नावा, दोर, पेट्या यांचा, विचार करावा एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

गीतेच्या सातव्या अध्यायातील चौदाव्या श्लोकात माया 'दुरत्यया' म्हटली आहे. तेथे नदीचा उल्लेख नाही. ज्ञानेश्वरांनी त्या एका विशेषणातून तिसाहून अधिक ओव्यांची नदी निर्माण केली. ब्रह्मरूप पर्वताच्या तुटलेल्या कड्यातून ती निघते, महाभूतांचे बुडबुडे तिच्यावर उमटतात, गुणमेघांच्या वृष्टीने तिला पूर येतो आणि त्या पुरात यमनियमांची नगरे वाहून जातात. द्वेषाचे भोवरे, मत्सराची वळणे, प्रमादादी महामीन, सुखदुःखाचा तरंगणारा केरकचरा, हा सारा तपशील पावसाळी नदी जवळून पाहिलेल्याचा आहे. मात्र प्रत्येक अवयवाला एकेक विकार जोडण्याच्या हव्यासाने मधल्या काही ओव्या याद्यांसारख्या झाल्या आहेत, हे मान्य केले पाहिजे. सांगरूपकाची ही जुनीच व्याधी; केवळ पूज्यभावामुळे तिच्याकडे डोळेझाक करण्याचे कारण नाही.

रूपकाला खरा जोर चढतो तो नदीच्या वर्णनात नव्हे, तर ती तरून जाऊ पाहणाऱ्यांच्या वर्णनात. स्वबुद्धीच्या बाहूंवर विसंबून उडी घेणाऱ्यांचा पुढे मागमूसही लागत नाही. कोणी वेदत्रयाची सांगड बांधतात, पण सोबत अहंकाराचे धोंडे घेतात आणि मदरूपी माशाच्या तोंडी जातात. कोणी तारुण्याच्या बळावर मदनाच्या कासेला लागतात. त्यांना विषयांची मगर चघळून टाकते. कोणी यज्ञकर्माची पेटी पोटाशी बांधतात आणि स्वर्गसुखाच्या कपारीत अडकून पडतात. वैराग्याची नाव येथे रिघत नाही, विवेकाचा दोर पुरत नाही.

ही साधने पठारावरील नदीची आहेत. सांगड म्हणजे एकत्र बांधलेले तरंगते ओंडके वा भोपळे. पेटी म्हणजे पोहणाऱ्याने पोटाशी बांधावयाचा आधार. कास म्हणजे पोहता न येणाऱ्याने धरावयाचे दुसऱ्याच्या कमरेचे वस्त्र. महाळुंग्याजवळून वाहणारी मुळा आज वर मुळशीच्या धरणाने अडविलेली असून विद्यार्थी ती पुलावरून ओलांडतो. तेव्हा या शब्दांना आता टीप द्यावी लागते, यात नवल नाही. पण टीप नसेल तर रूपकाचे मर्मच हातून सुटते.

ते मर्म बाराव्या अध्यायाशी ताडून पाहिल्यावर उलगडते. तेथील सातव्या श्लोकात 'मृत्युसंसारसागर' हा शब्द गीतेनेच दिलेला आहे. अर्थात येथे नदी जाऊन समुद्र आला. भयाच्या दृष्टीने हा समुद्र अधिक विस्तृत व्हावा अशी अपेक्षा असते. परंतु ज्ञानेश्वर जन्ममृत्यूच्या लाटांचा आणि भवसिंधूच्या माजाचा उल्लेख करून थांबतात. मगर नाही, भोवरा नाही. आणि हा समुद्र तरून जाण्याची साधने कोणती? पुन्हा नदीचीच! सहस्रनामांच्या नावा सज्ज केल्या जातात. जे एकटे आहेत त्यांना ध्यानाच्या कासेला लावले जाते. संसारपरिग्रह असलेल्यांना तराफ्यावर घातले जाते. आणि कोणा एकाच्या पोटाशी प्रेमाची पेटी बांधून त्याला सायुज्याच्या तटाला आणले जाते.

कास तीच, पेटीही तीच. बदलला आहे तो बांधणारा. सातव्या अध्यायात पेटी स्वतःच्या हाताने बांधलेली म्हणून घात करते. बाराव्यात ती भगवंत बांधतो म्हणून तारते. शिवाय तो पैलतीरावर वाट पाहत उभा नाही. रूप धारण करून तो भक्तांच्या गावी धावत येतो. सातव्या अध्यायाच्या या प्रकरणाअखेर असे भक्त विरळा, फार नाहीत, असे म्हटले होते; बाराव्यात भक्तांच्या नावाने चतुष्पादांनाही वैकुंठीच्या राज्याला योग्य केले जाते. संख्येतील हा फरक सिद्धान्ताचा नसून कर्त्याचा आहे, असे आमचे मत आहे.

एक अडचण मात्र शिल्लक राहते. सर्वभावाने भजणाऱ्यांना मायाजल ऐलतीरावरच सरले, असे सातव्या अध्यायात सांगून लगेच सद्गुरूचे तारू, आत्मनिवेदनाचा तराफा, अहंभावाचे टाकलेले ओझे आणि निवृत्तीच्या तटावर घेतलेली झेप यांचे वर्णन येते. पाणीच नसेल तर तराफा कशाला? जॉन बन्यनच्या 1678 च्या रूपककथेत, जी 1841 मध्ये 'यात्रिकक्रमण' या नावाने मराठीत आली, शेवटच्या नदीची खोली यात्रिकाच्या श्रद्धेप्रमाणे कमीअधिक होते. तेथे पाणी उथळ होते, पण राहते. ओलांडणे चुकत नाही. ज्ञानेश्वर पाणी नाहीसे करतात आणि तरीही प्रवास सांगतात. टीकाकाराने हा विरोध गुळगुळीत करू नये. तत्त्ववेत्त्याचे विधान पहिल्या ओवीत संपले. पुढच्या ओव्या नदीकाठी राहणाऱ्या कवीच्या आहेत, आणि त्या गाळल्यास पहिली ओवी कोरडी पडते.

'तारू' या शब्दाचाही येथे विचार करावयास हवा. त्याचा अर्थ नौका असा होतो, तसाच पार नेणारा असाही. सातव्या अध्यायात तराफा स्वतंत्रपणे सांगितला आहे आणि बाराव्यात नावा आधीच सज्ज झाल्या आहेत. त्यामुळे दोन्ही ठिकाणी 'नावाडी' हाच अर्थ घ्यावा, हे अधिक सयुक्तिक वाटते.