‘किंग लिअर’ची भाषा आणि तिचा प्रयोग : अध्ययनपद्धतीचा एक विचार

प्रस्तावना

अभिजात इंग्रजी नाटकाचे अध्यापन आपल्याकडे सामान्यतः दोन कप्प्यांत विभागलेले असते. पहिल्या कप्प्यात भाषा येते : शब्दार्थ, अलंकार, प्रतिमा, स्वभावचित्रण. दुसऱ्या कप्प्यात, वेळ उरला तर, रंगभूमी येते : ग्लोब नाट्यगृहाची आकृती, स्त्रीभूमिका करणारे मुलगे, दिवसाउजेडी होणारे प्रयोग. विद्यार्थी दोन्हींची टिपणे करतो आणि परीक्षेत दोन्हींवर स्वतंत्र उत्तरे लिहितो. या दोहोंचा परस्परांशी काय संबंध आहे, हा प्रश्न मात्र त्याला क्वचितच विचारला जातो.

शेक्सपिअरच्या नाट्यभाषेत प्रयोग अगोदरच अंतर्भूत असतो. म्हणून भाषेचा बारकाईने केलेला अभ्यास हाच प्रयोगाचाही अभ्यास ठरतो, अशी प्रस्तुत लेखाची भूमिका आहे. तिच्या पडताळणीसाठी ‘किंग लिअर’ ही एकच शोकांतिका निवडली आहे. वृद्ध राजा लिअर आपले राज्य तीन मुलींत वाटू इच्छितो आणि प्रेमाच्या जाहीर उच्चाराची अट घालतो. गॉनरिल व रीगन ती पुरी करतात. धाकटी कॉर्डेलिया करीत नाही. पुढचा सारा अनर्थ एका भाषिक व्यवहारातून, किंबहुना त्या व्यवहाराला दिलेल्या नकारातून उद्भवतो. भाषा आणि कृती यांचे नाते तपासण्यास याहून समर्पक नाटक शोधणे कठीण.

दोन संहिता, दोन प्रयोग

२६ डिसेंबर १६०६ रोजी व्हाइटहॉलच्या राजवाड्यात या नाटकाचा प्रयोग झाला. १६०८ मध्ये त्याची क्वार्टो आवृत्ती निघाली आणि १६२३ मध्ये ते फोलिओत समाविष्ट झाले. या दोन संहिता एकसारख्या नाहीत. क्वार्टोतील सुमारे ३०० ओळी फोलिओत नाहीत. फोलिओतील सुमारे १०० ओळी क्वार्टोत नाहीत. दीर्घकाळ संपादकांनी दोन्हींचे मिश्रण करून एक ‘संपूर्ण’ पाठ सिद्ध केला. १९८६ च्या ऑक्सफर्ड समग्र आवृत्तीने मात्र दोन्ही पाठ स्वतंत्रपणे छापले.

हा प्रश्न केवळ पाठचिकित्सेचा नाही. पहिल्याच प्रवेशात कॉर्डेलिया वडिलांना ‘काही नाही’ या अर्थाचे उत्तर देते. क्वार्टोत लिअर लगेच तिला बजावतो की, काही नाहीतून काही मिळणार नाही. फोलिओत या दोहोंच्या मध्ये ‘नथिंग’ हा शब्द आणखी दोनदा येतो : एकदा प्रश्न म्हणून लिअरच्या तोंडी, एकदा उत्तर म्हणून कॉर्डेलियाच्या. अर्थाच्या दृष्टीने त्यामुळे कोणतीच नवी माहिती मिळत नाही. प्रयोगाच्या दृष्टीने सर्व काही बदलते. लिअरला आपण चुकीचे ऐकले असे समजण्याची एक संधी मिळते, कॉर्डेलियाला माघार घेण्याची एक संधी मिळते, आणि दरबाराला श्वास रोखण्याइतका अवकाश मिळतो. या दोन शब्दांचा शब्दार्थ विद्यार्थ्याला सांगावा लागत नाही. त्यांचे कार्य मात्र समजावून द्यावे लागते.

शेवटच्या प्रवेशात हा भेद अधिक तीव्र होतो. मृत कॉर्डेलियाला कवटाळलेला लिअर ‘कधीच नाही’ या अर्थाचा शब्द क्वार्टोत तीनदा, तर फोलिओत पाचदा उच्चारतो. पाच वेळा उच्चारलेल्या त्या दोन अक्षरावयवी शब्दाने निर्यमक छंदाची एक अख्खी ओळ भरते. पण छंदाचा नेहमीचा आघातक्रम तिथे उलटा होतो. नटाला ती ओळ सहजगत्या म्हणताच येत नाही. प्रत्येक उच्चार नव्याने सुरू करावा लागतो. फोलिओत लिअर त्यानंतर उपस्थितांना तिच्या ओठांकडे पाहायला सांगून प्राण सोडतो. क्वार्टोत ते शब्द नाहीत. तिथे हृदयाला फुटून जाण्याची विनवणी स्वतः लिअर करतो, आणि तीच ओळ फोलिओत केंटच्या तोंडी जाते. एका संहितेत लिअर मृत्यू मागत मरतो. दुसरीत कदाचित ती जिवंत आहे या भ्रमात मरतो. कोणता लिअर रंगमंचावर उभा करायचा, याचा निर्णय दिग्दर्शकाच्या प्रतिभेआधी पाठाच्या निवडीतच होऊ लागतो.

सर्वनामांतील अभिनय

शेक्सपिअरकालीन इंग्रजीत एकवचनी संबोधनासाठी ‘दाऊ’ आणि ‘यू’ अशी दोन सर्वनामे उपलब्ध होती. बाजारातील सुलभ आवृत्त्या ‘दाऊ’च्या जागी सर्रास ‘यू’ घालतात, आणि वाचन सोपे करताना अभिनयाची एक महत्त्वाची खूण पुसून टाकतात.

पहिल्या प्रवेशाचे या दृष्टीने निरीक्षण करावे. गॉनरिल आणि रीगन यांना राज्याचा हिस्सा बहाल करताना लिअर ‘दाऊ’ची रूपे वापरतो. कॉर्डेलियाला बोलण्याचे आमंत्रण देताना मात्र तो ‘यू’ वापरतो. तिच्या पहिल्या नकारानंतरही, बोलणे सुधारण्याची समज देताना, ‘यू’ कायम राहते. हे बोलणे तुझ्या अंतःकरणातले आहे काय, असे विचारताना तो प्रथमच ‘दाऊ’च्या रूपाकडे वळतो, आणि तिला तोडून टाकताना तेच रूप टिकवतो. थोरल्या मुलींसाठी कृपादर्शक ठरलेले सर्वनाम धाकटीसाठी काही ओळींतच तिरस्काराचे होते. केंट मध्यस्थी करतो तेव्हा तो आदराच्या संबोधनांनी सुरुवात करतो. परंतु राजा ऐकत नाही असे दिसताच त्याला ‘म्हातारा’ म्हणून थेट ‘दाऊ’ने संबोधतो. भर दरबारात सरदाराने राजाला असे संबोधणे हीच एक शारीरिक कृती आहे. नटाने त्या शब्दावर पुढे पाऊल टाकले नाही तरी प्रेक्षकाला ते पडल्यासारखे जाणवले पाहिजे.

मराठी भाषकाला हा भेद इंग्रजी मातृभाषा असलेल्या आजच्या विद्यार्थ्यापेक्षा लवकर उमगतो, कारण ‘तू’, ‘तुम्ही’ आणि ‘आपण’ यांतील अंतर तो रोज जगत असतो. पण इथे सावधगिरीही हवी. मराठीत वडिलांनी मुलीला ‘तू’ म्हणणे ही सर्वसाधारण रीत आहे. त्यातून कोणताही विशेष भाव सूचित होत नाही. शेक्सपिअरच्या उच्चकुलीन पात्रांमध्ये ‘यू’ ही सर्वसाधारण रीत असून ‘दाऊ’कडे वळणे अर्थपूर्ण असते. म्हणून ‘दाऊ’ म्हणजे ‘तू’ असे यांत्रिक समीकरण मांडल्यास लिअरच्या वाटणीतील कृपा आणि कोप दोन्ही हरवतात. आपल्या भाषेचा आधार घ्यावा, परंतु तो भेद कुठे जुळतो आणि कुठे जुळत नाही हेही वर्गात दाखवावे.

पुढे, पुनर्भेटीच्या प्रवेशात लिअर कॉर्डेलियाला बहुतांशी ‘यू’ म्हणतो. तो अजून तिला ओळखण्याच्या वाटेवर असतो आणि अपराधी असतो. तुरुंगाकडे जाताना मात्र तू आशीर्वाद मागशील तेव्हा मी गुडघे टेकून तुझी क्षमा मागेन, असे म्हणताना तो ‘दाऊ’कडे परततो. पहिल्या प्रवेशात शापाचे वाहन झालेले सर्वनाम इथे वात्सल्याचे होते. हा प्रवास लक्षात न घेता लिअरचे स्वभावचित्रण लिहिता येईल. त्याचे संवाद मात्र म्हणता येणार नाहीत.

डोव्हरचा कडा

भाषा आणि रंगमंच यांचे अद्वैत सर्वांत स्पष्ट होते ते चौथ्या अंकातील डोव्हरच्या प्रवेशात. डोळे काढले गेलेला ग्लॉस्टर कड्यावरून जीव देण्यासाठी निघाला आहे. वेड्या भिकाऱ्याच्या सोंगातील त्याचा मुलगा एडगर त्याला घेऊन चालला आहे. जमीन सपाट वाटते, असे ग्लॉस्टर म्हणतो. चढ भयंकर आहे, असे एडगर सांगतो. समुद्र ऐकू येतो का, असे तो विचारतो. ग्लॉस्टरला तो ऐकू येत नाही. मग कड्याचे वर्णन येते : भुंग्यांएवढे दिसणारे कावळे, मध्यावर लोंबकळत वनस्पती गोळा करणारा माणूस, किनाऱ्यावरचे उंदरांएवढे कोळी, होडीएवढे भासणारे जहाज.

ग्लोबच्या मोकळ्या रंगमंचावर देखाव्याचा पडदा नव्हता. आता आपण रानात किंवा किल्ल्यात आहोत, हे प्रेक्षकाला पात्रांच्या शब्दांतूनच कळत असे आणि तो त्यावर विश्वास ठेवीत असे. त्यामुळे एडगरचे वर्णन ऐकताना प्रेक्षकापुढे अडचण उभी राहते. शब्दांनी स्थळ निर्माण करण्याचा नाटकाचा नित्याचा करार इथे पाळला जातो आहे, की एक पात्र दुसऱ्याला फसवते आहे? बापाची निराशा दूर करण्यासाठी आपण हा खेळ मांडला आहे, असे एडगर स्वगत सांगतो तेव्हाच खुलासा होतो. ग्लॉस्टर उडी घेतो आणि सपाट फळ्यांवर पडतो. रंगवलेला कडा मागे टांगल्यास हा अनुभव नष्ट होतो, कारण मग प्रेक्षकाला शब्दांवर अवलंबून राहावे लागत नाही.

याच प्रवेशात आणखी एक सूक्ष्म संकेत आहे. तुझा आवाज बदलला आहे आणि तू पूर्वीपेक्षा चांगल्या भाषेत बोलतो आहेस, असे ग्लॉस्टर एडगरला म्हणतो. वेड्या भिकाऱ्याचे तुटक गद्य सोडून एडगर छंदोबद्ध बोलू लागला आहे, आणि ते एका आंधळ्याच्या कानांनी टिपले आहे. गद्य आणि पद्य यांतील फरक हा छंदशास्त्राचा विषय म्हणून आपण शिकवतो. नाटककाराने तो पात्राच्या लक्षात येणारी घटना म्हणून योजला आहे.

लॅमचा आक्षेप

भाषा हेच लिअरचे वैभव असेल तर प्रयोगाची गरज काय, असा प्रश्न उपस्थित होऊ शकतो. चार्ल्स लॅम याने १८११ च्या आपल्या प्रसिद्ध निबंधात हीच भूमिका घेतली. लिअरची भव्यता बौद्धिक आहे; रंगमंचावर दिसतो तो पावसात काठी टेकत अडखळणारा एक म्हातारा; म्हणून हे नाटक प्रयोगात मावत नाही, असा त्याचा आशय होता.

या मताचे मूल्यमापन करताना त्या काळची रंगभूमी ध्यानात घ्यावी लागते. १६८१ मध्ये नेहम टेट याने या नाटकाचे सुखान्त रूपांतर केले. त्यात विदूषक नाही, कॉर्डेलिया जगते आणि एडगरची होते. दीडशे वर्षे रंगमंचावर तेच प्रचलित होते. एडमंड कीनने १८२३ मध्ये शोकान्त परत आणण्याचा यत्न केला. विल्यम मॅक्रेडीने १८३८ मध्ये विदूषकासह बहुतांशी मूळ नाटक पुन्हा उभे केले. म्हणजे लॅमने तुलना केली ती एका संहितेची आणि दुसऱ्याच नाटकाच्या प्रयोगाची. त्याच्या निरीक्षणातील सत्य असे की, नेपथ्याचे यांत्रिक वादळ लिअरच्या शब्दांना बुडवते. परंतु त्यावरून संहिता प्रयोगक्षम नाही असे सिद्ध होत नाही. ती विशिष्ट नेपथ्यपद्धतीला मानवत नाही एवढेच सिद्ध होते. हार्ली ग्रॅनव्हिल-बार्कर यांनी विसाव्या शतकात लॅमला दिलेले उत्तर याच दिशेचे आहे : वादळ नटाच्या वाणीतूनच उभे राहायचे असते.

उलट बाजूने, प्रयोग म्हणजे संहितेचा निर्विकार आरसाही नव्हे. पीटर ब्रूक यांनी १९६२ मध्ये पॉल स्कोफील्ड यांना घेऊन सादर केलेल्या प्रयोगात, आंधळ्या ग्लॉस्टरच्या जखमांवर उपचार करू पाहणाऱ्या नोकरांचे संवाद वगळले होते. हे संवाद क्वार्टोत आहेत, फोलिओत नाहीत. करुणेचा तो छोटा क्षण गेल्याने नाटकाचे जग अधिक कठोर झाले. म्हणून एखादी चित्रफीत दाखवली की प्रयोगाचा अभ्यास झाला, हा समज टाळायला हवा. प्रयोग हेही एक वाचन असते आणि तेही संहितेशी ताडून पाहावे लागते.

अध्यापनातील उपयोजन

यासाठी सुसज्ज नाट्यगृहाची आवश्यकता नाही. एलिझाबेथकालीन नटाला संपूर्ण नाटक दिले जात नसे; फक्त त्याची भाषणे आणि प्रत्येक भाषणापूर्वीचे दुसऱ्याचे शेवटचे काही शब्द लिहिलेली गुंडाळी मिळे. नट एडवर्ड ॲलन याची अशी एक गुंडाळी डलिच कॉलेजात जतन केलेली आहे. आपल्या नाटक मंडळ्यांतील ‘नक्कल’ पाठ करण्याची रीत याहून फार दूरची नाही. पहिल्या प्रवेशाच्या अशा नकला पाच विद्यार्थ्यांना द्याव्यात आणि सर्वनामे अधोरेखित करायला सांगावीत. कॉर्डेलियाच्या नकलेत बहिणींची भाषणे नसतात. ती तिला ऐकावी लागतात. ऐकणे हीदेखील भूमिका आहे, हे मग वेगळे शिकवावे लागत नाही. त्यानंतर ‘नथिंग’चे दोन्ही पाठ म्हणवून घ्यावेत आणि कोणत्या पाठात मौन कुठे पडले, याची नोंद विद्यार्थ्यांकडूनच करून घ्यावी.

मराठी रूपांतरेही येथे साहाय्यभूत ठरतात. विंदा करंदीकरांचा ‘राजा लिअर’ हा अनुवाद मूळ संहितेशी ताडून वाचता येतो. वि. वा. शिरवाडकरांनी १९७० च्या ‘नटसम्राट’मध्ये सर्वस्व वाटून टाकणाऱ्या पित्याला निवृत्त नट केले. लिअरची शोकांतिका ही बोलण्याची आणि सोंगाची शोकांतिका आहे, याचे ते सर्जनशील भाष्यच म्हणावे लागेल.

समारोप

सारांश, पाठभेद, सर्वनामे, गद्य-पद्यातील संक्रमण आणि स्थळवर्णने ही भाषिक वैशिष्ट्ये म्हणजे नटाला व प्रेक्षकाला दिलेल्या सूचना आहेत. त्या नेहमी एकच उत्तर देत नाहीत. पण निवड कुठे करायची आहे हे निश्चितपणे दाखवतात. आपला बहुसंख्य विद्यार्थी हे नाटक रंगमंचावर कधीच पाहणार नाही. त्याच्यासाठी छापील पान हेच एकमेव नाट्यगृह आहे. सारांश आणि सुलभ आवृत्ती त्याच्या हाती देऊन आपण ते नाट्यगृहही बंद करतो. शब्द ऐकायला शिकवले, तर सपाट फळ्यांवर कडा पाहण्याची क्षमता त्याच्यात निश्चितच आहे.