कारंजा येथील पट्टावल्या : आद्य शिष्यांची नामावली आणि ज्ञानपरंपरेचा प्रश्न

वाशीम जिल्ह्यातील कारंजा (लाड) हे गाव जैन हस्तलिखितांच्या अभ्यासकांना सुपरिचित आहे. सेनगण, बलात्कारगण आणि काष्ठासंघ या दिगंबर संप्रदायातील तीन परंपरांची मंदिरे येथे असून त्यांच्या आश्रयाने मोठे ग्रंथभांडार उभे राहिले. रायबहादुर हिरालाल यांनी मध्यप्रांत व वऱ्हाडातील संस्कृत-प्राकृत हस्तलिखितांची जी सूची १९२६ मध्ये प्रसिद्ध केली, तिच्यामुळे या भांडाराकडे विद्वानांचे लक्ष वेधले गेले. पुढे विद्याधर जोहरापूरकर यांचा ‘भट्टारक संप्रदाय’ हा हिंदी ग्रंथ सोलापूरच्या जीवराज जैन ग्रंथमालेत १९५८ मध्ये प्रकाशित झाला. या पीठांची गुरुपरंपरा त्यानंतर बहुधा याच ग्रंथाच्या आधारे सांगितली जाते. मात्र पट्टावली हा वाङ्मयप्रकार कोणत्या हेतूने रचला जातो व तो कसा वाचावा, या प्रश्नाची चर्चा त्या मानाने अल्पच झाली आहे.

पट्टावलीचा आरंभ ठरलेला असतो. दिगंबर परंपरेनुसार महावीरांच्या निर्वाणानंतर गौतम, सुधर्मा व जंबू हे तीन केवली ६२ वर्षांत झाले. त्यानंतर पाच श्रुतकेवली १०० वर्षांत, अकरा दशपूर्वी १८३ वर्षांत, पाच एकादशांगधारी २२० वर्षांत आणि चार आचारांगधारी ११८ वर्षांत होऊन गेले. ही एकूण ६८३ वर्षे होतात. ‘तिलोयपण्णत्ती’ आणि वीरसेनाची ‘धवला’ टीका या दोहोंत हीच गणना आहे. श्वेतांबर परंपरेची वाट जंबूनंतर वेगळी होते. तेथे प्रभव, शय्यंभव, यशोभद्र व संभूतविजय ही नावे येतात, तर दिगंबर यादीत विष्णू, नंदिमित्र, अपराजित व गोवर्धन यांची नावे आहेत. भद्रबाहूपाशी दोन्ही याद्या पुन्हा एकत्र येतात. गौतमाच्या स्थानाविषयीही एकवाक्यता नाही. दिगंबर यादीचा प्रारंभ त्याच्यापासून होतो, तर श्वेतांबर परंपरा पट्टपरंपरेचा आरंभ सुधर्म्यापासून मानते.

या आकड्यांची छाननी केली असता एक उद्बोधक गोष्ट आढळते. नंदिसंघाच्या प्राकृत पट्टावलीतही एकूण ६८३ वर्षेच दिली आहेत. परंतु तेथे एकादशांगधाऱ्यांना २२० ऐवजी १२३ वर्षे आणि पुढील चार आचार्यांना ९७ वर्षे दिलेली आहेत. १२३ आणि ९७ यांची बेरीज २२० होते. म्हणजे पहिल्या यादीत पाच आचार्यांनी व्यापलेला काळ येथे नऊ जणांत विभागला गेला आहे. अशा रीतीने मोकळी झालेली ११८ वर्षे अर्हद्बली, माघनंदी, धरसेन, पुष्पदंत व भूतबली या पाच आचार्यांकडे गेली आहेत. एकूण काळाला धक्का न लावता नव्या नावांसाठी जागा करण्यात आली, असाच याचा अर्थ घ्यावा लागतो. ज्या आचार्यांशी ‘षट्खंडागमा’चा संबंध आहे, त्यांना मूळ यादीत स्थान नव्हते आणि ते असावे अशी निकड पुढे कोणाला तरी वाटली.

वीरसेनाने ही अडचण झाकलेली नाही. अंग व पूर्व यांचे अंशमात्र ज्ञान आचार्यपरंपरेने धरसेनापर्यंत आले, एवढेच तो सांगतो. धरसेनाच्या गुरूचे नाव देत नाही. धवलेत आलेली धरसेनाची कथा या संदर्भात लक्षपूर्वक वाचावी अशी आहे. गिरनारच्या चंद्रगुफेत राहणाऱ्या या वृद्ध आचार्याने दक्षिणेकडून दोन मुनी बोलावून घेतले आणि विद्या देण्यापूर्वी त्यांची परीक्षा पाहिली. दिलेल्या मंत्रांपैकी एकात अक्षर अधिक होते, तर दुसऱ्यात उणे. साधनेनंतर एक देवता पुढे आलेल्या दातांची व दुसरी एकाक्ष दिसली. देवतांचे रूप विकृत नसते, हे जाणून दोघांनी मंत्र स्वतः शुद्ध केले. कथेचा भाग चमत्काराचा असला तरी तिच्यातील निकष पाठशुद्धीचा आहे. गुरूने दिलेला पाठ जसाच्या तसा घोकणारा शिष्य येथे पात्र ठरत नाही. तो तपासून दुरुस्त करणारा ठरतो.

कारंज्यातील तिन्ही परंपरांनी आपला धागा या आद्य नामावलीशी निरनिराळ्या ठिकाणी जोडला. सेनगणाने वीरसेन, जिनसेन व गुणभद्र यांना आपले पूर्वाचार्य मानले. परंतु वीरसेन स्वतःला पंचस्तूपान्वयाचा म्हणवितो. सेनान्वयाचा उल्लेख गुणभद्राच्या ‘उत्तरपुराणा’तील प्रशस्तीत येतो. बलात्कारगणाच्या मूर्तिलेखांत मूलसंघ, सरस्वतीगच्छ, बलात्कारगण व कुंदकुंदाचार्यान्वय ही पदे ठराविक क्रमाने येतात. ‘बोधपाहुडा’त कुंदकुंद आपल्याला भद्रबाहूचा शिष्य म्हणवितो. त्या दोघांमधील काळाचे अंतर पाहता हे शिष्यत्व साक्षात नसून परंपरेचे मानावे लागते.

काष्ठासंघाची स्थिती याहून बिकट होती. देवसेनाने विक्रम संवत ९९० मध्ये रचलेल्या ‘दर्शनसारा’त या संघाला जैनाभास ठरवून त्याची उत्पत्ती नंदीतट, म्हणजे आजचे नांदेड, येथे कुमारसेनापासून संवत ७५३ मध्ये झाल्याचे म्हटले आहे. कुमारसेन हा विनयसेनाचा शिष्य आणि विनयसेन हा नवव्या शतकातील जिनसेनाचा गुरुबंधू होता. तेव्हा संवत ७५३, म्हणजे इसवी सन ६९६, ही मिती देवसेनाच्याच कथनाशी जुळत नाही. खुद्द काष्ठासंघीयांनी आपले मूळ लोहाचार्यापर्यंत नेले आणि यादीतील अखेरच्या आचारांगधाऱ्याचे नाव अशा प्रकारे उपयोगात आणले. शास्त्रात ज्याला आभास म्हटले तो संघ आणि मूलसंघ हे कारंज्यात एकाच वस्तीत नांदले, ही वस्तुस्थिती कोणत्याही पट्टावलीपेक्षा अधिक बोलकी आहे.

जोहरापूरकरांनी मूर्तिलेख, ग्रंथप्रशस्ती व पट्टावल्या यांतील उतारे क्रमांक देऊन शाखावार लावले आणि अभ्यासकांना विश्वसनीय साधन उपलब्ध करून दिले. हे काम पुन्हा करावे लागणार नाही. त्यांच्या मांडणीची मर्यादा मात्र नमूद केली पाहिजे. तिचा कणा पट्टाधीशांचा आहे. ब्रह्मचारी, आर्यिका, पंडित व लेखक हे त्या त्या भट्टारकाच्या प्रकरणात आनुषंगिक म्हणून येतात. हस्तलिखितांच्या पुष्पिकांतील चित्र वेगळे असते. तेथे ज्ञानावरणीय कर्माच्या क्षयासाठी ग्रंथ लिहवून देणारी श्राविका असते आणि ज्याच्या हाती तो ग्रंथ दिला तो शिष्य असतो. पुढे पीठावर न बसलेला हा शिष्य पट्टावलीला ठाऊक नसतो. पट्ट आणि विद्या यांचे वारसे एकच समजल्यामुळे कारंज्याचा इतिहास विनाकारण अरुंद झाला आहे.

‘षट्खंडागमा’चा अर्वाचीन प्रवासही हेच दाखवितो. मूडबिद्रीच्या ताडपत्रांवरून गजपती उपाध्याय व त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाई यांनी गुप्तपणे केलेली कानडी प्रत सहारनपूरला पोहोचली. तिचे नागरी लिप्यंतर झाले आणि त्यावरून पुढील प्रती निघाल्या. अमरावतीच्या किंग एडवर्ड महाविद्यालयातील प्राध्यापक डॉ. हिरालाल जैन यांनी १९३९ मध्ये धवलेसह पहिला भाग प्रसिद्ध केला. त्या वेळी मूळ ताडपत्रे त्यांच्या हाती नव्हती, त्यामुळे या कागदी प्रती परस्परांशी ताडून, अधिक-उणी अक्षरे निवडीत त्यांना पाठ निश्चित करावा लागला. त्यांनी वापरलेल्या प्रतींपैकी एक कारंज्याची होती. ती तेथील भट्टारकपीठांच्या भांडारातून आली नव्हती, तर १९१८ मध्ये स्थापन झालेल्या महावीर ब्रह्मचर्याश्रमातून आली होती.