लुई माल : पाहणाऱ्याचा दोष

लुई माल (१९३२-१९९५) या फ्रेंच दिग्दर्शकाची जागा ठरवताना चित्रपटाचे अभ्यासक नेहमी अडखळतात. गोदार-त्रुफो यांचा तो समकालीन, पण त्यांच्या कंपूतला नव्हे. वयाच्या तेविसाव्या वर्षी झाक कूस्तोसोबत त्याने समुद्रतळावरचा 'द सायलेंट वर्ल्ड' (१९५६) केला आणि कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक मिळवले. पुढे माइल्स डेव्हिसच्या ट्रम्पेटची साथ लाभलेला खूनपट 'एलिव्हेटर टू द गॅलोज' (१९५८), 'झाझी' (१९६०) हा धमाल फार्स, आणि दोन मित्रांच्या जेवणावरच्या गप्पांतून उभा राहिलेला 'माय डिनर विथ आंद्रे' (१९८१). शैली दर वेळी नवी. म्हणून 'हुन्नरी, पण स्वतःची मुद्रा नसलेला' असा शिक्का त्याच्यावर बसला.

हा शिक्का मला मान्य नाही. मालची मुद्रा शैलीत सापडत नाही. ती त्याला आयुष्यभर छळणाऱ्या एका प्रश्नात सापडते. नुसता पाहणारा माणूस कितपत निर्दोष असतो?

१९६८ मध्ये दोन सहकाऱ्यांसह तो भारतभर हिंडला. त्यातून 'फँटम इंडिया' ही सात भागांची मालिका झाली. शेवटचा भाग मुंबईवर आहे. बीबीसीने ती १९७० मध्ये दाखवली, तेव्हा भारत सरकार इतके संतापले की बीबीसीला दिल्लीतले कार्यालय बंद करावे लागले. दारिद्र्याचे प्रदर्शन केल्याचा आरोप अगदीच निराधार म्हणता येत नाही. पण पहिल्या भागाला मालनेच 'अशक्य कॅमेरा' असे नाव दिले आहे. कॅमेऱ्याकडे टक लावून पाहणारी माणसे तो कापून टाकत नाही. आपण आगंतुक आहोत, हे तो स्वतःच्या आवाजात सांगतो.

पात्रिक मोदियानोसोबत लिहिलेल्या 'लाकोंब, लुसियाँ'मध्ये (१९७४) प्रतिकार चळवळीने नाकारलेला खेड्यातला पोरगा जर्मनांच्या पोलिसांत सामील होतो. माल त्याचा निवाडा करत नाही, आणि फ्रान्समध्ये वादळ उठते. या तटस्थतेला मर्यादाही आहेत. 'प्रिटी बेबी'त (१९७८) कुंटणखान्यातल्या बारा वर्षांच्या मुलीकडे कॅमेरा त्याच निर्विकारपणे पाहतो, आणि तिथे ही नजर मला पळवाट वाटते.

त्या पळवाटेचा हिशेब 'ओ रव्वार लेझाँफाँ'मध्ये (१९८७) चुकता होतो. १९४४ च्या जानेवारीत मालच्या शाळेतून गेस्टापोने लपवलेली ज्यू मुले आणि मुख्याध्यापक पाद्री यांना पकडून नेले. तेव्हा तो अकरा वर्षांचा होता. चित्रपटात खबर देतो तो मुदपाकखान्यातला लंगडा जोसेफ. त्याच्याशी काळाबाजार करणाऱ्या श्रीमंत विद्यार्थ्यांना किरकोळ शिक्षा होते, नोकरी मात्र जोसेफची जाते. हा लुसियाँचाच भाऊ.

पुढे गेस्टापोचा अधिकारी वर्गात येतो आणि ज्यू मुलाचे नाव विचारतो. कोणी बोलत नाही. ज्युलियाँ मात्र क्षणभर मित्राकडे मान वळवतो, आणि अधिकारी त्या नजरेचा माग काढत त्या बाकापाशी जातो. ज्युलियाँच्या मनात प्रेम होते, भीती होती, कपट नव्हते. मित्र पकडला जायचा तो जातोच. ज्या दिग्दर्शकाला हा क्षण असा दिसला, त्याला मुद्रा नव्हती असे कसे म्हणावे?