नटाची दृष्टी आणि छायाचित्राचे सत्य

छायाचित्रणाचा जन्म प्रयोगशाळेत झाला अशी सर्वसाधारण समजूत आहे. ती अर्धीच खरी आहे. १८३९ साली ज्याच्या नावाने हे तंत्र जगापुढे आले, तो लुई दागेर हा पॅरिसच्या नाट्यगृहांसाठी पडदे व देखावे रंगविणारा कलावंत होता. १८२२ पासून तो ‘दिओरामा’ नावाचा, रंगविलेल्या पडद्यांचा आणि बदलत्या प्रकाशाचा खेळ चालवीत असे. त्याचा समकालीन इपोलीत बायार यानेही स्वतंत्रपणे छायाचित्र घेण्याची एक रीत शोधली होती. तिची दखल घेतली गेली नाही, तेव्हा १८४० साली त्याने स्वतःलाच बुडून मेलेला माणूस म्हणून कॅमेऱ्यापुढे बसविले आणि त्या चित्राला आपल्या आत्महत्येचा मजकूर जोडला. छायाचित्र सत्य सांगू लागले त्याच्या दुसऱ्याच वर्षी ते सोंगही आणू लागले होते. १९८० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या छायाचित्रविषयक पुस्तकात रोलां बार्त याने छायाचित्राचे नाते चित्रकलेपेक्षा रंगभूमीशी अधिक निकटचे मानले, ते या इतिहासाला धरूनच होते.

हे लक्षात घेतले म्हणजे, एखादा नट रंगभूमी सोडून दस्तऐवजी छायाचित्रणाकडे वळतो तेव्हा तो असत्याकडून सत्याकडे गेला, हे सोपे समीकरण टिकत नाही. भरताने लोकधर्मी आणि नाट्यधर्मी असे दोन धर्म सांगितले आहेत. लोकव्यवहार जसा आहे तसा दाखविणे हा पहिला. संकेतांच्या द्वारे तो घडवून दाखविणे हा दुसरा. दस्तऐवजी छायाचित्र स्वतःला सर्वस्वी लोकधर्मी समजते. परंतु चौकट कोठे संपवायची, प्रकाश कोणत्या बाजूने घ्यायचा, माणसापासून किती अंतरावर उभे राहावयाचे आणि हजार क्षणांतून कोणता क्षण राखावयाचा, हे सारे संकेतच होत. भेद इतकाच की, रंगभूमीवरील संकेत प्रेक्षकाला ठाऊक असतो आणि तो त्याने मान्य केलेला असतो. छायाचित्रातील संकेत मात्र वस्तुस्थितीचा वेश घेऊन वावरतो. म्हणून खरा प्रश्न असा आहे की, संकेतांच्या जगात वाढलेला माणूस कॅमेरा हाती घेतो तेव्हा या लपलेल्या नाट्यधर्माचे तो काय करतो?

या प्रश्नाचे एक उत्तर मराठी मुलुखात मिळते आणि दुसरे बेंगळुरूत.

सिंधुदुर्ग जिल्ह्यातील कणकवलीचे इंद्रजित खांबे हे सुमारे दहा वर्षे नाटकात वावरल्यानंतर छायाचित्रणाकडे वळले. त्यांच्या कॅमेऱ्याचा एक प्रमुख विषय दशावतार हा आहे, आणि त्यातही स्त्रीभूमिकांसाठी ख्यातनाम असलेले ओमप्रकाश चव्हाण यांच्यासारखे नट. दशावतार ही दक्षिण कोकणातील जत्रांच्या रात्री देवळाच्या आवारात उभी राहणारी रंगभूमी. गणपती, संकासुर वगैरेंच्या पूर्वरंगानंतर आख्यान लागते. त्याला लिहिलेली संहिता नसते. कथासूत्र ठरलेले असते आणि संवाद नटाने उभ्या उभ्या रचावयाचे असतात. स्त्रियांच्या भूमिका परंपरेने पुरुषच करीत आले आहेत, आणि आपला चेहरा प्रत्येक नट आरसा पुढ्यात घेऊन आपणच रंगवितो. ‘रात्री राजा, सकाळी डोक्यावर बोजा’ ही या नटांविषयीची म्हण कोकणात सर्वतोमुखी आहे.

ही म्हण एखाद्या छायाचित्रकाराला मोहात पाडील अशीच आहे. लोककलावंतांची जी असंख्य चित्रे प्रदर्शनांतून आणि नियतकालिकांतून दिसतात, त्यांतील बहुतेकांचा आधार हाच विरोध असतो. देवी विडी ओढते आहे, राक्षस चहा पितो आहे, राणी लुगडे सावरून सायकलवर बसली आहे! पाहणारा हसतो, आणि आपण मुखवट्यामागचे सत्य पाहिले असे त्याला वाटते. वस्तुतः त्याने फक्त आपले अंतर पाहिलेले असते. नटाला या दृश्यात काहीच विसंगत वाटत नाही. दोन प्रवेशांच्या मध्ये लुगड्यात बसून चहा पिणे हा त्याच्या कामाचाच भाग आहे. सुताराने रंधा बाजूला ठेवून तंबाखू मळावी तितका तो स्वाभाविक आहे. खांबे यांच्या चांगल्या चित्रांत हा स्वस्त विनोद नाही. चेहरा अर्धा रंगला आहे, माणूस अजून पुरता गेलेला नाही आणि पात्र अजून पुरते आलेले नाही, या संधिकाळाला ते विरोध न मानता एक अवस्था मानतात. ज्याने स्वतः विंगेत उभे राहून आपल्या प्रवेशाची वाट पाहिली आहे त्यालाच ही अवस्था आतून ठाऊक असते. रंगभूमीने त्यांना जे दिले ते मुख्यतः असे: समोरच्याचे वाक्य पुरे होईपर्यंत थांबण्याची सवय. संहिता नसलेल्या नाटकात जो ऐकत नाही तो उभाच राहू शकत नाही, आणि छायाचित्रकाराची गोष्ट याहून फारशी वेगळी नाही.

तथापि या जवळिकीचा एक धोकाही आहे. आतल्या माणसाचे प्रेम कित्येकदा दृश्याला सुंदर करून सोडते. रात्रभराचा जागर, प्रवास आणि बिदागीची चिंता यांना सौंदर्याच्या चौकटीत जागा मिळणे कठीण जाते. येथे संदेश भंडारे यांच्या ‘तमाशा : एक रांगडी गंमत’ या ग्रंथाशी तुलना उद्बोधक ठरते. भंडारे तमाशाकडे जातात ते नट म्हणून नव्हे, बाहेरचे छायाचित्रकार म्हणून. आतल्या माणसाला जे रोजचेच म्हणून दिसेनासे होते, ते बाहेरून आलेल्याला पुन्हा पाहता येते. नटाची दृष्टी माणसाच्या अंतःस्थितीकडे प्रथम जाते. त्या स्थितीला कारण होणाऱ्या व्यवहाराकडे तिला प्रयत्नपूर्वक वळवावे लागते. खांबे यांच्या मार्गाची ही मर्यादा मान्य केली पाहिजे.

बेंगळुरूच्या पुष्पमाला एन. यांचा मार्ग नेमका उलट दिशेचा आहे. १९५६ साली जन्मलेल्या आणि बडोद्याला शिल्पकलेचे शिक्षण घेतलेल्या या कलावतीने १९९० नंतरच्या दशकात शिल्पाकडून छायाचित्राकडे मोहरा वळविला; पण ती कॅमेऱ्याच्या मागे गेली नाही, पुढे उभी राहिली. ‘फँटम लेडी ऑर किस्मत’ (१९९६–९८) या मुंबईत घेतलेल्या चित्रमालिकेत ‘हंटरवाली’ (१९३५) गाजविणाऱ्या नादियाची आठवण जागवीत ती साहसी नायिका झाली. छायाचित्रे मीनल अगरवाल यांनी घेतली. त्यानंतर क्लेअर आर्नी यांच्या सहकार्याने केलेला ‘नेटिव्ह विमेन ऑफ साउथ इंडिया : मॅनर्स अँड कस्टम्स’ (२०००–०४) हा प्रकल्प तिच्या कार्याचा मध्यबिंदू मानावा लागेल. त्याला बेंगळुरूच्याच इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स या संस्थेचे साह्य लाभले होते.

या प्रकल्पाचे शीर्षकच एका शतकाची भाषा बोलते. १८६८ ते १८७५ या काळात ‘द पीपल ऑफ इंडिया’ या नावाने आठ खंड प्रसिद्ध झाले. हिंदुस्थानातील जातिजमातींचे नमुने छायाचित्रांतून मांडण्याचा तो सरकारी उद्योग होता. १८६९ च्या सुमारास जॉन लँप्रे याने माणसाला चौकड्यांच्या पडद्यापुढे उभे करून त्याचे शरीर मापण्याची रीत पुढे आणली, आणि शतकाच्या अखेरीस मॉरिस व्हिडाल पोर्टमन याने अंदमानात तेथील आदिवासींवर अशाच मापनपद्धतीचा प्रयोग केला. पुष्पमाला या चौकड्यांच्या पडद्यापुढे स्वतः उभी राहते. ती तोडा स्त्री होते. रविवर्म्याची चांदण्यातील स्त्री आणि लक्ष्मी होते. विजापूरच्या लघुचित्रातील योगिनी होते. वृत्तपत्रातल्या छायाचित्रातील, चोरीच्या आरोपावरून धरलेली बाईही होते. रविवर्म्याची लक्ष्मी मराठी वाचकाला परकी नाही. १८९४ साली मुंबईत निघालेला आणि पुढे मळवलीला हललेला त्याचा छापखाना हीच ती वाट, जिने ही लक्ष्मी घरोघरच्या भिंतीवर पोचली. देवीची तसबीर, चित्रकाराची नायिका, मानववंशशास्त्रज्ञाचा नमुना आणि पोलिसांचा आरोपी या चौघी एकाच नटीच्या देहावर उतरल्या म्हणजे त्यांच्यातील साम्य उघडे पडते. प्रत्येकीला कोणीतरी उभे राहण्याची एक रीत शिकविलेली आहे. ज्याला आपण पुरावा म्हणत होतो तोही एक रचलेला प्रवेश होता. प्रकल्पातील काही चित्रांत मांडणीची तयारीही दाखविली आहे. पडदा, दिवे, साहाय्यक हे सारे नजरेस पडते. एक गोरी आणि एक सावळी अशा दोन स्त्रियांनी मिळून हे करावे, हाही त्या आशयाचाच भाग होय.

खांबे मुखवट्याच्या आतले माणूस जपतात. पुष्पमाला माणसाचे म्हणून दिलेले चित्र हा मुखवटा होता हे सिद्ध करते. दोघांच्याही हाती नटाचेच ज्ञान आहे. पण येथे एका गंभीर आक्षेपाला तोंड दिल्यावाचून पुढे जाता येत नाही. पुष्पमाला तोडा स्त्री होते आणि चित्र पुरे झाल्यावर वेश उतरवून ठेवते. ज्या स्त्रीला मूळ चित्रासाठी उभे केले होते तिला वेशच नव्हता. जे होते ते तिचे शरीर होते, आणि ते उतरवून ठेवण्याची सोय नव्हती. चोरीच्या आरोपाखाली छायाचित्र काढले गेलेल्या बाईचेही तेच. नटीचे विडंबन सरकारी दृष्टीला लागते खरे. परंतु त्या बाईला ते बोलू देते काय?

मराठी वाचकाने हा प्रश्न टाळू नये, कारण त्याच्या भाषेत याचे एक उत्तर लिहिले गेले आहे. १८७१ च्या कायद्याने ज्या जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरविल्या गेल्या, त्यांच्या पुढच्या पिढ्यांवरील तो शिक्का १९५२ साली कायदा रद्द झाल्यावरही पुसला गेला नाही. लक्ष्मण गायकवाड यांचे ‘उचल्या’ हे १९८७ साली प्रसिद्ध झालेले आणि पुढच्या वर्षी साहित्य अकादेमीच्या पुरस्काराने गौरविलेले आत्मकथन त्या शिक्क्याच्या खालून आलेला आवाज आहे. पोलिसी छायाचित्रात ज्याला पाटी धरून उभे केले जाते, तोच येथे निवेदक झाला. पुष्पमालेचे चित्र सत्तेच्या दृष्टीचे विच्छेदन करते. ‘उचल्या’ त्या दृष्टीखालच्या माणसाला प्रथमपुरुष बहाल करते. ही दोन कार्ये भिन्न आहेत, आणि पहिले झाले म्हणजे दुसरे आपोआप झाले असे मानणे हा अभिरुचिसंपन्न वर्गाचा आत्मसंतोष ठरेल. उलट, पहिल्यावाचून दुसऱ्याचे पुरे मोलही कळत नाही. पाटी कशी रचली गेली हे ज्याने पाहिले नाही, त्याला ती फेकून देण्याचा अर्थ कसा उमगावा?

या दृष्टीने पुष्पमालेची ‘नवरस’ मालिका अधिक विचारणीय वाटते. मुंबईच्या इंडिया फोटो स्टुडिओचे जे. एच. ठक्कर यांनी १९५० नंतरच्या काळात चित्रपटतारकांची छायाचित्रे घेतली होती. त्याच वयोवृद्ध छायाचित्रकाराच्या स्टुडिओत, त्याच प्रकाशयोजनेत, तिने २०००–०३ या काळात नऊ रसांची नऊ चित्रे साकारली. शास्त्र असे सांगते की विभाव, अनुभाव आणि व्यभिचारी भाव यांच्या संयोगाने रसनिष्पत्ती होते. व्यभिचारी भाव हे येत जात असतात. त्यांना काळ लागतो. स्थिर चित्रात तो काळच नाही. म्हणून ही चित्रे रसाचा प्रत्यय देण्याऐवजी रसाचे नाव सांगतात, आणि हीच त्यांची जाणीवपूर्वक घेतलेली भूमिका आहे. शृंगार म्हणजे अमुक दिवा, भयानक म्हणजे अमुक सावली, हे चित्रपटाने आपल्याला किती पढवून ठेवले आहे ते त्यांतून कळते. पण येथे आणखी एक गोष्ट घडते. ठक्कर हे कोणी अनामिक कारागीर उरत नाहीत. त्यांचे नाव, त्यांचा हात आणि त्यांची विद्या चित्राच्या केंद्रस्थानी येते. ज्याच्या परंपरेचे सोंग घ्यायचे त्यालाच बरोबरीने प्रयोगात घेतले आहे. ‘नेटिव्ह विमेन’मधील तोडा स्त्रीच्या बाबतीत हे होऊ शकले नाही, आणि त्या प्रकल्पाची उणीव या तुलनेतच स्पष्ट होते.

मराठी समीक्षेने छायाचित्राकडे आजवर बहुधा ग्रंथाची शोभा किंवा चरित्राचे साधन म्हणून पाहिले. बालगंधर्वांच्या अभिनयाविषयी आपण जे बोलतो त्यातील केवढा तरी भाग स्थिर छायाचित्रांवर उभा आहे. पण त्या चित्रांत नटाने छायाचित्रकारासाठी धारण केलेली मुद्रा किती आणि रंगभूमीवरील मुद्रा किती, हा विवेक क्वचितच झाला. खांबे आणि पुष्पमाला यांच्या कार्याने तो विवेक अटळ केला आहे. त्यांतून एक साधी कसोटीही हाती येते. चित्रातल्या माणसाला त्या चित्रातील आपली भूमिका ठाऊक होती काय, आणि ती नाकारण्याची मोकळीक त्याला होती काय? दशावतारी नटाला ती असते. तो शतकानुशतके पाहिला जाण्याची कला जोपासत आला आहे. चौकड्यांच्या पडद्यापुढील स्त्रीला ती नव्हती. नटाने कॅमेरा हाती घेतल्याने सत्य अधिक जवळ येते असे नव्हे. मात्र समोरचा माणूसही कोणतेतरी काम करीत उभा आहे, आणि ते काम त्याने स्वतः पत्करलेले आहे की त्याच्यावर लादलेले आहे, हे विचारण्याची सवय त्याला रंगभूमीने लावलेली असते. दस्तऐवजी छायाचित्राचे मोल यापुढे याच प्रश्नाच्या उत्तरावर ठरावयास हवे.