उजळणारं जंगल आणि विझवलेली मशाल

आज आपण एका चित्रपटातल्या झाडांविषयी बोलणार आहोत. तत्त्वज्ञानाच्या व्याख्यानात सिनेमातली झाडं कशाला, असं कुणाला वाटेल. पण एखाद्या गोष्टीला मोल का द्यायचं, हा नीतिशास्त्राचा जुनाच प्रश्न या झाडांनी लाखो प्रेक्षकांपुढे ठेवला आहे. त्याचं उत्तर त्यांनी बरोबर दिलं का, एवढंच आपल्याला पाहायचंय.

जेम्स कॅमेरॉन यांचा ‘अवतार’ २००९ साली आला. कथा २१५४ सालची. पॅन्डोरा हा एका महाकाय वायुग्रहाचा चंद्र. तिथे घनदाट जंगल आहे, नावी लोक आहेत आणि त्यांच्या प्रचंड वृक्षाखाली मौल्यवान खनिज आहे. ते खणायला पृथ्वीवरची कंपनी आलेली. रात्र झाली की हे जंगल निळं, जांभळं, हिरवं उजळतं.

चित्रपटातला उत्तम विचार आमच्या मते एका छोट्या प्रसंगात आहे. जेक रात्री जंगलात एकटा सापडतो, हातात मशाल धरून. नेयतिरी ती मशाल पाण्यात फेकून देते. क्षणभर काळोख होतो आणि मग हळूहळू सगळं रान प्रकाशताना दिसतं. म्हणजे काय? आपलाच उजेड आपल्याला आंधळं करत होता. पाहायचं असेल तर आधी आपली मशाल विझवावी लागते. इथपर्यंत कॅमेरॉन यांना दाद द्यायलाच हवी.

पण पुढे काय होतं पाहा. जेक चालतो तसं पायाखालचं शेवाळ उजळतं. पाऊल पडलं की प्रकाश, पाऊल पुढे गेलं की अंधार. जंगल जणू पाहुण्याची दखल घेतंय! आत्ताच मशाल विझवली होती ना? ती पुन्हा पेटली, फक्त हातातून पायाखाली आली.

आता पृथ्वीवर येऊ. निसर्गतः स्वतः प्रकाशणारं हिरवं झाड आपल्याकडे माहीत नाही. काजवे आहेत, समुद्रातले जीव आहेत, बुरशी आहे. पावसाळ्यात भीमाशंकरच्या जंगलात कुजक्या लाकडावर ‘मायसीना’ जातीची बुरशी उजळते. तो उजेड मंद हिरवट असतो, डोळे अंधाराला सरावले तरच जाणवतो. छायाचित्रात भगभगीत दिसतो तो कॅमेऱ्याची झडप बराच वेळ उघडी ठेवल्यामुळे. आणि मुख्य म्हणजे आपण गेलो काय, न गेलो काय, त्या बुरशीला फरक पडत नाही. लाकूड कुजवण्याचं तिचं काम चालूच असतं. जंगलाचं मोल त्या कामात आहे, आणि त्यातलं बरंचसं काम बिनउजेडाचं असतं.

चित्रपटातली वनस्पतिशास्त्रज्ञ ग्रेस हेच सांगू पाहते. झाडांच्या मुळांमध्ये विद्युत-रासायनिक संबंध आहेत आणि त्यांची संख्या मानवी मेंदूतल्या जोडण्यांहून जास्त आहे, असं ती कंपनीच्या अधिकाऱ्याला समजावते. त्याला ती शेवटी नुसती झाडंच वाटतात. आपण त्याच्यावर चिडतो, ते योग्यच. पण जंगल वाचवायला मेंदूची साक्ष का काढावी लागली? मुळं आपसात बोलत नसती, तर वृक्ष पाडायला हरकत नव्हती का?

कुणी म्हणेल, सिनेमा हे दिसण्याचंच माध्यम आहे. न दिसणारं मोल दाखवणार कसं? आक्षेप रास्त आहे. पण मशालीच्या प्रसंगातला तो क्षणभराचा काळोख कॅमेरॉन यांनीच दाखवला होता. ते त्यात थांबले नाहीत, एवढंच.

कांटने १७९० च्या ग्रंथात एक उदाहरण दिलंय. पाहुण्यांना खूश करायला यजमान झुडपात एका पोराला लपवतो आणि तो बुलबुलासारखी शीळ घालतो. लबाडी कळली की ते गाणं ऐकवत नाही. आपली गत उलटी झालीय. पॅन्डोरा संगणकावर घडलं हे आपल्याला पक्कं ठाऊक आहे, तरी त्याची गोडी उतरत नाही. उतरते ती खऱ्या रानाची. २०२४ मध्ये अमेरिकेत बुरशीची जनुकं घातलेली, रात्री उजळणारी पेटुनियाची रोपं विक्रीला आली. झाडाने आपल्यासाठी चमकावं, ही हौस आता कुंडीत येऊन बसली आहे.

यात गमावण्यासारखं काय आहे? मेच्या अखेरीस भंडारदऱ्याला काजवे बघायला गाड्यांची रांग लागते. काजव्यांचा प्रकाश म्हणजे नर-मादीचं एकमेकांना बोलावणं. गाड्यांच्या दिव्यांत ते बोलावणंच हरवतं. त्यांच्यासाठी मशाल विझवायची एवढी बुद्धी चित्रपट आपल्याला देतो. पण त्याच डोंगरावर दिवसा उभी असलेली, मुळीच न चमकणारी हिरडा-जांभळाची झाडं आहेत. उद्या त्यांच्यावर कुऱ्हाड चालली, तर त्यांच्या बाजूने आपण कोणता युक्तिवाद करणार आहोत? चित्रपटाने तो आपल्याला दिलेला नाही. तो आपल्यालाच शोधायचा आहे. चला, आता तुमचे प्रश्न घेऊ.